ओळख : दाखल्यावरची आणि स्वतःच्या अक्षरातली

नाशिक जिल्ह्याच्या कांदापट्ट्यात, विंचूर–प्रकाशा मार्गावर वसलेले देवळा 1999 साली स्वतंत्र तालुका झाले. तालुका झाला म्हणजे कचेऱ्या आल्या आणि कचेऱ्यांमागोमाग कागद आले. तालुक्याच्या कोणत्याही गावात झेरॉक्सच्या यंत्राला उसंत नसते, तशी ती येथेही नाही. सातबारा, आठ-अ, जातीचा दाखला, शाळा सोडल्याचा दाखला, आधारपत्र, परीक्षेचा अर्ज अशा कागदांच्या प्रती त्यातून सतत निघत असतात. हे सारे कागद माणूस कोण आहे हे सांगतात. परंतु त्यांतील एकही मजकूर त्या माणसाच्या मनातून उतरलेला नसतो. नाव आईबापांनी ठेवलेले, जात जन्माने लाभलेली, लिंग सुईणीने किंवा डॉक्टरांनी सांगितलेले, आणि जुन्या पिढीत जन्मतारीखही पुष्कळदा गुरुजींनीच ठरविलेली. बहुतेकांचे यात काही अडत नाही. ज्याच्या दाखल्यावरील शब्द आणि अंतरीची जाणीव यांचा मेळ बसत नाही, त्याने मात्र आपली ओळख कोणत्या कागदावर लिहावी?

या प्रश्नाचे एक उत्तर गेल्या अर्धशतकात जगातील अनेक तरुणांनी याच झेरॉक्सच्या यंत्रावर शोधले. त्या उत्तराला इंग्रजीत ‘झीन’ असे आखूड नाव आहे. ‘मॅगझीन’ या शब्दाची शेपटी तेवढी त्यात उरली आहे. झीन म्हणजे एकट्यादुकट्याने लिहिलेली, हाताने चिकटवलेली, यंत्रावर प्रती काढून टाचणीने टाचलेली पुस्तिका. टपालखर्च निघाला तरी पुरे, एवढाच तिचा हिशेब. साध्या एका कागदाला आठ घड्या पाडाव्यात, मधोमध एक चीर द्यावी आणि तो दुमडावा, की आठ पानांची पुस्तिका तयार होते. तिला संपादक नसतो, म्हणून ‘साभार परत’ही नसते.

बँकेतील कारकुनाचे नियतकालिक

1976 साली लंडनमध्ये ‘पंक’ नावाच्या संगीताची लाट उसळली. बेकारी आणि कंटाळा यांनी ग्रासलेल्या तरुणांचे ते ओबडधोबड, कर्कश संगीत होते. वाद्य नीट येत नसले तरी वाजवावे, कोणाच्या परवानगीची वाट पाहू नये, हा त्याचा बाणा. प्रस्थापित वृत्तपत्रांनी त्याची टवाळी केली. तेव्हा मार्क पेरी नावाच्या बँकेतील एका तरुण कारकुनाने टंकलेखन यंत्रावर मजकूर टंकून, जाड शाईच्या पेनाने मथळे लिहून ‘स्निफिन ग्लू’ हे पत्र काढले. पहिल्या अंकाच्या प्रती जेमतेम पन्नासच्या घरात होत्या. वर्षभरात खप हजारांवर गेला आणि 1977 साली त्याने ते पत्र बंद करून टाकले. मोठे होणे हे त्याचे ध्येयच नव्हते.

पुढे या पुस्तिकांचा विषय संगीतापुरता राहिला नाही. 1985 च्या सुमारास कॅनडातील टोरोंटो येथे ‘जे. डी.ज’ या पत्राने पंक तरुणांतील समलिंगींना वाचा दिली. 1991 च्या सुमारास अमेरिकेच्या वॉशिंग्टन राज्यातील ऑलिंपिया या गावी ‘रायट गर्ल’ चळवळीतील मुलींनी आपल्या पुस्तिकांतून शरीर, घरातील हिंसा, अत्याचार आणि मनाचे आजार यांविषयी उघड लिहिण्यास प्रारंभ केला. दैनंदिनीत कुलूपबंद ठेवण्याचा मजकूर त्यांनी पन्नास-शंभर अनोळखी वाचकांच्या हाती दिला. ‘असे वाटणारी मी एकटीच आहे’ हा दुःखातील सर्वांत जीवघेणा भ्रम अशा पत्रव्यवहाराने फिटू लागला. या पुस्तिकांचे खरे कार्य हेच म्हणावे लागेल.

मराठीतील पूर्वसुरी

हे सारे परदेशी खूळ आहे, असे म्हणून बाजूला सारण्याचा मोह होणे स्वाभाविक आहे. तथापि मराठी माणसाला तो अधिकार नाही. रघुनाथ धोंडो कर्वे यांनी जुलै 1927 मध्ये ‘समाजस्वास्थ्य’ हे मासिक सुरू केले. ते गणिताचे प्राध्यापक होते. संततिनियमनाच्या प्रचारापायी त्यांना नोकरी सोडावी लागली होती. मासिकाचे संपादक तेच, प्रमुख लेखकही तेच आणि तोटा सोसणारेही तेच. ऑक्टोबर 1953 मध्ये त्यांचे निधन होईपर्यंत सव्वीस वर्षे हा एकहाती उद्योग चालला. त्या मासिकातील वाचकांच्या प्रश्नांचे सदर हे आजच्या झीनचे सख्खे भावंड म्हणावे असे होते. ज्या शंका आई-वडिलांना, वैद्यांना किंवा मित्रांनाही विचारण्याची सोय नव्हती, त्या तेथे येत आणि कर्वे त्यांना न लाजता, न धमकावता उत्तरे देत.

त्यासाठी त्यांना न्यायालयात उभे राहावे लागले. 1931 मध्ये एका लेखाबद्दल, तर 1934 मध्ये वाचकांच्या प्रश्नांना दिलेल्या उत्तरांबद्दल त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले झाले. दुसऱ्या खटल्यात त्यांचे वकीलपत्र डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी घेतले होते. निकाल विरुद्ध गेला, दंड झाला. मासिक मात्र चालूच राहिले. प्रश्न विचारणाऱ्याला गुन्हेगार समजू नये, ही त्या लढ्यातील मूळ भूमिका होती. ती आजही जुनी झालेली नाही.

दुसरा पूर्वसुरी म्हणजे लघुअनियतकालिकांची चळवळ. 1950 च्या दशकातील ‘शब्द’पासून पुढे ‘असो’, ‘वाचा’, ‘येरू’ अशी पत्रे निघाली. सायक्लोस्टाइलची शाई हाताला लागलेली, पुढचा अंक कधी निघेल याचा नेम नसलेली ही पत्रे होती. 1969 साली मुंबईत काही तरुणांनी ‘सत्यकथा’ या प्रतिष्ठित मासिकाची जाहीर होळी केली. त्या कृतीबद्दल मतभेद राहतील. पण वाङ्मयाच्या दारावर पहारा कोण करतो, हा प्रश्न तिने ऐरणीवर आणला. दलित साहित्याच्या उभारणीतही अशा छोट्या पत्रांचा वाटा आहे. त्या साहित्याचे एक अग्रणी बाबूराव बागूल नाशिकजवळच्या विहितगावचे, हे या जिल्ह्याने विसरू नये.

परंतु या चळवळीची एक मर्यादाही मान्य केली पाहिजे. तिने भाषेचे सोवळे फेडले, जातीचे दुःख वेशीवर टांगले. तरी तिचा ‘मी’ बहुतांशी पुरुषाचाच राहिला. स्त्रीच्या मनाला पान मिळावे म्हणून 1989 साली विद्या बाळ यांनी पुण्यात ‘मिळून साऱ्याजणी’ सुरू केले. 1990 मध्ये मुंबईतून अशोक राव कवी यांचे ‘बॉम्बे दोस्त’ निघाले, पण ते प्रामुख्याने इंग्रजीत. 2002 मध्ये पुण्यात बिंदुमाधव खिरे यांनी ‘समपथिक’ ही संस्था स्थापन केली आणि या विषयावर मराठीत सातत्याने लेखन केले. 2012 मध्ये लक्ष्मीनारायण त्रिपाठी यांचे आत्मकथन मराठीत आले. मोलाचे हे सारे काम मुख्यतः मुंबई-पुण्यात उभे राहिले. तालुक्याच्या गावातील मुलाला अजूनही आपल्या मनाची गोष्ट एक तर इंग्रजीत वाचावी लागते, नाही तर शिवीच्या रूपात ऐकावी लागते.

कायदा पुढे, शब्द मागे

कायद्याने काही पावले टाकली आहेत. 15 एप्रिल 2014 रोजी सर्वोच्च न्यायालयाने, आपले लिंग कोणते हे ठरविण्याचा हक्क व्यक्तीचा स्वतःचा आहे, असा निर्णय दिला. 6 सप्टेंबर 2018 रोजी प्रौढांमधील संमतीचे समलिंगी संबंध गुन्ह्याच्या कक्षेतून वगळले गेले. 2019 साली पारलिंगी व्यक्तींसाठी स्वतंत्र कायदा झाला. मात्र ओळखीचे प्रमाणपत्र देण्याचे काम त्यात जिल्हा दंडाधिकाऱ्याकडे सोपविले गेले, म्हणजे पुन्हा एक दाखला आलाच. मानसिक आरोग्याचा 2017 चा कायदा तर आत्महत्येचा प्रयत्न करणाऱ्याला गुन्हेगार न मानता तीव्र तणावाखाली असलेला रुग्ण मानतो. पण कायद्याची भाषा सतरा वर्षांच्या मुलाच्या उशाशी बसत नाही. तेथे माणसाचीच भाषा लागते, आणि तीही शक्यतो आपल्यासारख्याच कोणाची.

आज प्रत्येकाच्या हाती मोबाईल असताना कागद कशाला, असा आक्षेप कोणी घेईल. उत्तर साधे आहे. पुष्कळ घरांत मोबाईल एक आणि पाहणारे चार असतात. त्यावर टाकलेला मजकूर क्षणात साऱ्या गावात फिरतो आणि मग तो परत घेता येत नाही. वीस प्रती काढणाऱ्याला मात्र त्या कोणाच्या हाती द्यायच्या हे ठरविता येते. भीत भीत बोलणाऱ्यासाठी ही निवड म्हणजे संरक्षण आहे.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. मनाच्या आजारावर लिहिणे हा उपचार नव्हे. लिहून हलके वाटते हे खरे. पण झोप उडालेल्या, जगणे नको झालेल्या माणसाला डॉक्टरांचीच गरज असते. 10 ऑक्टोबर 2022 पासून सुरू झालेल्या ‘टेलि-मानस’ या सरकारी सेवेचा 14416 हा विनामूल्य क्रमांक अशा प्रत्येक पुस्तिकेच्या शेवटच्या पानावर आणि प्रत्येक शाळेच्या फलकावर असावयास हवा.

यातून शिक्षकांची जबाबदारी समोर येते. मराठी शाळा-महाविद्यालयांना हस्तलिखिताची आणि भित्तिपत्रकाची जुनी परंपरा आहे. दरवर्षी त्यात पावसाळा, आई, शिवराय आणि वृक्षारोपण हे विषय सुवाच्य अक्षरात येतात. ते यावेतच. परंतु त्याच वर्गातील एखाद्या विद्यार्थ्याच्या वहीच्या शेवटच्या पानावर जे असते, त्याला त्या अंकात कधी जागा मिळत नाही. असा एखादा कागद शिक्षकाच्या हाती आला तर काय घडते, यावरच पुढचे सारे अवलंबून असते. लहान गावात निनावी लिखाण निनावी राहत नाही. अक्षर हीच तेथे सही असते आणि वर्गातील प्रत्येकाचे अक्षर गुरुजींना पाठ असते. परदेशातील कित्येक पुस्तिकांत वर्तमानपत्रातील अक्षरे कापून चिकटवलेली दिसतात, तिचा असाही एक उपयोग आहे.

म्हणून अशा वेळी शिक्षकाने तीन गोष्टी टाळाव्यात. शुद्धलेखनाच्या चुकांवर तांबडी शाई चालवू नये. ‘हे कोणी लिहिले?’ असा प्रश्न वर्गात विचारू नये. आणि घरी कळविण्यापूर्वी, ज्याने लिहिले त्याला एकांतात विचारल्यावाचून राहू नये. कारण पुष्कळदा त्याला घराचीच भीती असते. त्याच्या जिवाला धोका दिसला, तर मात्र मदत मिळविण्यास क्षणाचाही विलंब लावू नये. आणि तेव्हाही, जे करायचे ते त्याला सांगूनच करावे. कचेरीतील कारकुनाचेही कर्तव्य यापेक्षा फार निराळे नाही. अर्जावरील नाव आणि समोरचा चेहरा यांत मेळ दिसला नाही, तरी खिडकीतून हसू फुटू न देणे, एवढे तर त्याच्या हाती असतेच.

सातबाऱ्यावर ‘इतर अधिकार’ असा एक रकाना असतो. जमिनीचा मालक कोण, हे नोंदवून झाल्यावरही त्या जमिनीशी कोणाचे आणखी काही नाते असू शकते, हे महसूल खात्याने फार पूर्वी ओळखले. माणसाच्या बाबतीत असा रकाना अजून कोणत्याही दाखल्यावर नाही. तोवर ज्याला गरज आहे त्याने तो आठ घड्यांच्या कागदावर स्वतःच आखावा, आणि ज्यांच्या हाती तो कागद येईल त्यांनी तो नीट वाचावा.