वर्गाबाहेर बसविलेला विद्यार्थी

अमेरिकेतील इलिनॉय राज्यात शँपेन नावाचे शहर आहे. तेथील प्रॉटेस्टंट, कॅथलिक आणि ज्यू समाजांतील काही मंडळींनी 1940 साली एकत्र येऊन, सरकारी शाळांत, शाळेच्याच वेळात आणि शाळेच्याच इमारतीत, आठवड्यातून एकदा धर्मशिक्षणाचा तास घेण्याची परवानगी शिक्षणमंडळाकडून मिळविली. वरवर पाहता योजना निर्दोष होती. धर्मशिक्षकांच्या वेतनाचा बोजा सरकारी खजिन्यावर नव्हता. पालकाने छापील कार्डावर सही केली तरच मुलास त्या तासाला बसविले जाई. आणि ज्यास बसावयाचे नसेल त्याने वर्ग सोडून इमारतीत अन्यत्र आपला अभ्यास करावा, अशी मुभा होती. मात्र धर्मशिक्षकांच्या नेमणुकीस शाळाखात्याच्या अधिकाऱ्याची मंजुरी लागे, आणि त्या तासाची हजेरी नेहमीच्या शिक्षकांकडे कळविली जाई.

व्हाष्टी मॅकॉलम या बाईंनी सही केली नाही. त्यांचा मुलगा टेरी याला मग त्या तासापुरते वर्गाबाहेर, येण्याजाण्याच्या वाटेवर, एकट्याला मेजापाशी बसविण्यात आले. आणि ही तर खोडकर मुलांना शिक्षा म्हणून बसविण्याची जागा, त्यामुळे जाणारीयेणारी मुले त्याला चिडवीत. कोणी त्याला मारले नाही, कोणी धर्मांतराचा आग्रह धरला नाही. परंतु दहा वर्षांच्या मुलास सोबत्यांपासून वेगळे काढणे म्हणजे काय, हे ज्याने शाळा पाहिली आहे त्याला समजावून सांगावे लागू नये.

बाईंनी 1945 साली फिर्याद दाखल केली. खालच्या न्यायालयात त्या हरल्या, राज्याच्या सर्वोच्च न्यायालयातही हरल्या. गावाने त्यांचा छळ मांडला. शिवीगाळीची पत्रे आली, घरावर सडक्या भाज्यांचा मारा झाला. अखेर 8 मार्च 1948 रोजी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने आठ विरुद्ध एक अशा बहुमताने त्यांच्या बाजूने निवाडा दिला.

न्यायमूर्ती ह्यूगो ब्लॅक यांच्या निकालपत्रातील मर्म असे, की करदात्यांच्या पैशाने बांधलेली इमारत तर धर्मप्रसारासाठी वापरली जातच होती, पण सक्तीच्या शिक्षणाच्या कायद्याने मुलांना शाळेत आणून बसविणारे राज्य धर्मपंथांना आयते श्रोतेही पुरवीत होते. न्यायमूर्ती फेलिक्स फ्रँकफर्टर यांनी आपल्या स्वतंत्र मतात बालमनाकडे लक्ष वेधले: मुले एकमेकांचे अनुकरण करतात, वेगळे पडणे त्यांना सोसत नाही, म्हणून कागदावरची ऐच्छिकता वर्गात ऐच्छिक उरत नाही. सबंध प्रकरणात मला हाच विचार सर्वांत मोलाचा वाटतो. कारण प्रौढाचे स्वातंत्र्य आणि बालकाचे स्वातंत्र्य एकाच मापाने मोजण्याची चूक सद्हेतूने वागणाऱ्या माणसांच्या हातून अधिक होते. पुढे 1952 मध्ये न्यू यॉर्कच्या खटल्यात, धर्मशिक्षणाचे वर्ग शाळेच्या आवाराबाहेर भरत असल्यास मुलांना तेवढा वेळ मोकळे सोडण्यास त्याच न्यायालयाने संमती दिली.

ज्या वर्षी हा निवाडा झाला, त्याच वर्षीच्या 7 डिसेंबरला दिल्लीत आपल्या घटनासमितीपुढे हाच प्रश्न आला होता. सरकारी शाळांत धर्मशिक्षण का नको, याची कारणे देताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी उदाहरण घेतले ते मुंबई शहराचे. नगरपालिकेने चालविलेल्या एकाच शाळेत हिंदू, मुसलमान, ख्रिस्ती, पारशी, ज्यू अशा सर्वांची मुले असावयाची. तेथे कोणाचा धर्म शिकवावयाचा, आणि तो कोणाच्या कराच्या पैशातून? शिवाय आपलाच मार्ग मोक्षाचा असे मानणारे पंथ एका छपराखाली शिकविले गेले तर शाळेची शांतता कशी टिकावी? त्यांच्या या उत्तरात धर्माविषयी तिरस्कार नव्हता. शाळा चालविणाराला रोज भेडसावणाऱ्या अडचणीची जाण होती.

त्या चर्चेतून आलेले कलम आज 28 व्या क्रमांकाने घटनेत आहे. संपूर्णपणे राज्याच्या पैशावर चालणाऱ्या संस्थेत धर्मशिक्षण वर्ज्य. देणगीदाराच्या वा न्यासाच्या अटीमुळे ते देणे भाग असलेल्या, परंतु राज्याच्या कारभाराखालील संस्थेला अपवाद. आणि मान्यताप्राप्त वा अनुदानित संस्थेत, स्वतःच्या किंवा अज्ञान असल्यास पालकाच्या संमतीवाचून, कोणासही धर्मशिक्षणात वा उपासनेत भाग घ्यावयास लावता येणार नाही.

या तिसऱ्या तरतुदीचा आधार नाशिकच्या एका शिक्षकास मिळाला. शाळेच्या प्रार्थनेच्या वेळी हात जोडण्यास त्यांनी नकार दिला, म्हणून त्यांची वरिष्ठ वेतनश्रेणी रोखण्यात आली होती. 2013 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्यांचा हक्क मान्य केला. परंतु पगारदार, सज्ञान, वकील देऊ शकणाऱ्या माणसासही ज्या हक्कासाठी उच्च न्यायालयापर्यंत जावे लागले, तो हक्क चौथीतल्या मुलाने कोणाकडे मागावा? त्याच्यासाठी घटनेने पालकाची संमती ठेविली आहे, आणि पालकाला विचारल्यावाचून संमतीला अर्थ येत नाही. म्हणून परिपाठात एखाद्या पंथाची प्रार्थना घेणाऱ्या अनुदानित शाळांनी प्रवेशाच्या वेळीच पालकांना तसे स्पष्ट सांगून लेखी संमती घ्यावी, आणि जो नकार देईल त्याच्या मुलाला त्या वेळात ग्रंथालयाचे, बागेचे किंवा प्रयोगशाळेचे असे काम द्यावे की ज्यात इतर मुलेही पाळीपाळीने त्याच्या सोबतीला असतील. या व्यवस्थेला अनुदानात वाढ लागत नाही आणि नवा कायदाही लागत नाही. मुख्याध्यापकांनी मनावर घेतले तर येत्या जूनपासून ती सुरू होऊ शकते.