चौकटी वाचून दाखवणारी माणसे (भाग ६)

कॉमिक्सवर माहितीपट करायला बसलेल्या दिग्दर्शकाची अडचण पहिल्याच दिवशी उभी राहते. चित्र हलत नाही, फुग्यातले शब्द ऐकू येत नाहीत. टोरांटोच्या रॉन मान यांनी १९८८ मध्ये ‘कॉमिक बुक कॉन्फिडेन्शियल’ केला, तेव्हा त्यांनी यावर साधा उपाय काढला: ज्याने गोष्ट रचली, त्यानेच ती वाचायची.

हा उपाय त्यांच्या हाताशीच होता. १९८१ मध्ये त्यांनी फ्री जॅझच्या वादकांवर ‘इमॅजिन द साउंड’ केला होता, आणि पुढच्याच वर्षी ‘पोएट्री इन मोशन’मध्ये कवींना कॅमेऱ्यासमोर आपापल्या कविता म्हणायला लावल्या होत्या. कॉमिक्सकडे ते कान उघडे ठेवूनच आले.

चित्रपटात बावीस लेखक-चित्रकार भेटतात. त्यांतले हार्वी पेकार या पद्धतीला सर्वांत जास्त न्याय देतात. क्लीव्हलँडमध्ये माजी सैनिकांच्या सरकारी रुग्णालयात ते फाइल क्लार्क होते. त्यांना चित्र काढता येत नसे. १९६२ मध्ये त्यांची रॉबर्ट क्रम्बशी ओळख झाली, तीही दोघांना जुन्या जॅझ रेकॉर्डचे वेड होते म्हणून. १९७६ पासून पेकार ‘अमेरिकन स्प्लेंडर’ पदरचे पैसे घालून छापू लागले. चौकटींचा आराखडा ते काडीच्या माणसांनी मांडायचे, चित्रे क्रम्ब आणि इतर चित्रकार काढायचे. विषय कुठले, तर नोकरी, दुकानातली रांग, सहकाऱ्यांच्या गप्पा. पेकार यांचा घोगरा, वाद घालायला टपलेला आवाज ऐकला की हे कॉमिक दुसऱ्या कुणाचे असूच शकत नाही, हे पटते.

अशी पुस्तके मोठ्या प्रकाशकांकडे का निघाली नाहीत, याचे उत्तर १९५४ मध्ये आहे. बालगुन्हेगारीची चौकशी करणाऱ्या अमेरिकी सिनेटच्या उपसमितीपुढे त्या वर्षी भयकथांचे प्रकाशक विल्यम गेन्स यांची साक्ष झाली. घाबरलेल्या प्रकाशकांनी मग स्वतःवरच ‘कॉमिक्स कोड’ लादून घेतला. त्याचा शिक्का नसलेले अंक वितरक उचलेनात. पुढे हिप्पींच्या काळात वाट निघाली ती वितरकांना वगळूनच: १९६८ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत क्रम्ब यांचा ‘झॅप’ निघाला, आणि असे अंक चिलमी-पोस्टरांच्या दुकानांतून खपू लागले. हक्क चित्रकाराकडेच राहत. बड्या कंपनीसाठी आयुष्य झिजवलेल्या जॅक कर्बींना मात्र, हा चित्रपट आला त्याच दशकात, स्वतःची मूळ चित्रे परत मिळवण्यासाठी मार्व्हलशी झगडावे लागले. चित्रपटात कर्बीही आहेत. ‘स्वतंत्र’ या विशेषणाची किंमत त्यांच्यावरून कळते.

दीड तासाच्या आसपासच्या चित्रपटात बावीस जण म्हणजे दाटीच. लिंडा बॅरींसारखी लेखिका आणखी थोडा वेळ समोर हवी होती, असे वाटत राहते. टेरी झ्विगॉफ यांनी उलटा मार्ग धरला. त्यांनी एकट्या क्रम्बचा आणि त्याच्या भावांचा कित्येक वर्षे माग काढला. त्यातून झालेल्या ‘क्रम्ब’ला १९९५ मध्ये सनडान्स महोत्सवात माहितीपटांचा सर्वोच्च ज्यूरी पुरस्कार मिळाला. पुढच्या आठवड्यात त्याविषयी.