ओल्या लाकडाची गाडी

बैलगाडीचं चाक करणारा सुतार लाकूड आधी वाळू देतो, मुरू देतो. ओल्या लाकडाचं चाक कोरड्या उन्हात आकसतं, आरे सैल पडतात, बघता बघता चाक खिळखिळं होतं. १८५६च्या उन्हाळ्यात अमेरिकेतल्या आयोवा सिटीत शेकडो हातगाड्या अशाच ओल्या लाकडाच्या, घाईघाईने बांधल्या गेल्या. कित्येकींच्या चाकांना लोखंडी धावही नव्हती. आणि त्या ओढत चालायचं होतं सुमारे २,१०० किलोमीटर.

ओढणारे लोक मॉर्मन पंथाचे होते. पंथाचा संस्थापक जोसेफ स्मिथ याला १८४४मध्ये इलिनॉयमधल्या कार्थेजच्या तुरुंगात जमावाने गोळ्या घातल्या. मग ब्रिगम यंगच्या मागोमाग स्मिथचे अनुयायी पश्चिमेला निघाले आणि १८४७मध्ये यूटातल्या सॉल्ट लेकच्या खोऱ्यात वसले. इंग्लंड, वेल्स, डेन्मार्कमधल्या गिरणी-कामगारांनी, खाणकामगारांनीही हा पंथ स्वीकारला होता. त्यांना तिथे जायची ओढ होती, पण हातात पैसा नव्हता. प्रवासासाठी कर्ज देणारा एक निधी १८४९पासून होता. १८५५मध्ये यूटात टोळधाड आणि अवर्षण दोन्ही आले आणि निधी आटला. बैलगाड्या परवडेनात, तेव्हा यंगने हातगाडीचा मार्ग काढला.

हिशेब काटेकोर होता. पाच माणसांमागे एक गाडी, वीस जणांमागे एक तंबू, माणशी सामान १७ पौंड, म्हणजे पावणेआठ किलो. त्यातच अंथरूण-पांघरूण, कपडे, भांडी. कोणती गोधडी न्यायची आणि कोणती मागे ठेवायची, हे आयोवाच्या माळावर कितीतरी बायकांनी ठरवलं असेल.

त्या वर्षीच्या पहिल्या तीन तुकड्या नीट पोचल्या. पुढच्या दोन तुकड्यांची जहाजं लिव्हरपूलहूनच उशिरा, मे महिन्यात सुटली. आयोवा सिटीत पोचल्यावर गाड्या तयार नव्हत्या. जेम्स विलीची सुमारे ५०० माणसं जुलैच्या मध्याला निघाली आणि एडवर्ड मार्टिनची त्याहून मोठी तुकडी जुलैच्या अखेरीस. ऑगस्टमध्ये नेब्रास्कातल्या फ्लॉरेन्सला विलीच्या लोकांची सभा भरली. हिवाळा इथेच काढायचा की पुढे जायचं?

लिव्हाय सॅव्हेज हा वाट माहीत असलेला माणूस होता. धर्मप्रसारासाठी तो ब्रह्मदेशापर्यंत जाऊन आलेला होता. तो उठून म्हणाला, म्हातारी आणि लहान मुलं बर्फात टिकणार नाहीत, माणसं मरतील. बहुमत पुढे जाण्याच्या बाजूने पडलं. मग तो म्हणाला, तुम्ही निघालातच, तर मीही तुमच्याबरोबर येतो. तुमचे हाल तेच माझे. आणि तो खरोखरच गेला. या सगळ्या कथेत मला सर्वांत मोठा वाटतो तो हाच माणूस.

फ्लॉरेन्सहून निघताना प्रत्येक गाडीवर ९८ पौंडांचं पिठाचं पोतं चढलं. ओलं लाकूड वाळून तडकू लागलं. आसात वाळू शिरायची आणि लाकूड झिजवायची. वंगण नव्हतं, म्हणून लोक वाट्याला आलेली डुकराची चरबी आसाला लावत, साबण लावत, बुटांचं चामडं कापून आसाभोवती गुंडाळत. पुढे रानगव्यांच्या कळपांच्या धावपळीत विलीच्या तुकडीची तीसेक गुरं नाहीशी झाली. पिठाच्या गाड्या ओढणारे बैल गेले, तेव्हा ते पीठही हातगाड्यांवर आलं. लॅरमी किल्ल्याजवळ शिधा मिळेल ही आशा फोल ठरली आणि रोजचं पीठ कमी होत गेलं.

१९ ऑक्टोबरला बर्फ आला. मार्टिनची माणसं त्याच दिवशी नॉर्थ प्लॅट नदीच्या गार पाण्यातून पलीकडे गेली होती. मागे माणसं अजून वाटेतच आहेत हे यंगला ऑक्टोबरच्या सुरुवातीलाच कळलं होतं. त्याने भर सभेत खेचरं, गाड्या आणि पीठ मागितलं. मदतीची पहिली तुकडी ७ ऑक्टोबरला निघाली आणि २१ला विलीच्या लोकांना भेटली. तरीही रॉकी रिजचा चढ पुढे होताच. २३ला वादळात तो चढून गेलेल्यांपैकी तेरा जणांना रॉक क्रीकजवळ एकाच खड्ड्यात पुरलं. दुसऱ्या दिवशी आणखी दोघं गेले. दोन्ही तुकड्यांतली मिळून दोनशेहून अधिक माणसं दगावली.

हातगाडी १८६०पर्यंत चालू राहिली. दहा तुकड्यांत जवळजवळ ३,००० माणसं आली आणि बाकीच्या आठ तुकड्या असा संहार न होता पोचल्या. म्हणून मला गाडीपेक्षा तारखेचा दोष मोठा वाटतो. सॅव्हेज तेच सांगत होता.

विलीच्या तुकडीत मुंबईत जन्मलेली एक बाई होती, एलिझाबेथ झेवियर टेट. नवरा विल्यम ब्रिटिश फौजेतला. तो आधीच यूटाला गेला होता. तान्ही मुलगी प्रवासात गमावून ती त्याच्याकडे पोचली आणि पुढे सीडर सिटीत राहिली. त्याच गावात नेली पुसेल राहायची. मार्टिनच्या तुकडीत ती दहा वर्षांची होती. आईबाप वाटेत गेले आणि हिमदंशामुळे तिचे दोन्ही पाय गुडघ्याखाली कापावे लागले. तिने लग्न केलं, सहा मुलं वाढवली. गावाने केलेल्या मदतीची परतफेड म्हणून ती वर्षातून एकदा मुलांना घेऊन प्रार्थनाघर धुवायला जायची. मुलगे पाणी वाहून आणायचे, मुली खिडक्या पुसायच्या आणि जमीन घासायची ती, गुडघ्यांवर.