पिंपांतील पोर

हास्य आणि करुण हे परस्परविरोधी रस होत, असें साहित्यदर्पणकार विश्वनाथानें सांगून ठेविलें आहे. हें शास्त्रवचन आम्हांस मान्य आहे. परंतु मेक्सिको देशांतील एका स्पॅनिश दूरचित्रवाणी-मालिकेंत हे दोन रस एकाच चौकांत गुण्यागोविंदानें नांदतात. ‘एल चावो डेल ओचो’ हें तिचें नांव. चावो म्हणजे तिकडील बोलींत पोर व ओचो म्हणजे आठ. ज्या वाहिनीवर हा खेळ प्रथम दिसला तिचा हा क्रमांक. पुढें तोच पोराच्या बिऱ्हाडाचा ठरविण्यांत आला.

मालिकेचा कर्ता रोबेर्तो गोमेस बोलान्योस (१९२९–२०१४). लोक त्यास ‘चेस्पिरीतो’, अर्थात् धाकटा शेक्सपिअर, म्हणत. चाळिशी उलटल्यावर त्यानें स्वतःच आठ वर्षांच्या चावोची भूमिका केली. स्वतंत्र मालिका १९७३ पासून १९८० पर्यंत चालली. तिचे छोटे प्रवेश पुढें १९९२ पर्यंत होत राहिले.

स्थळ बहुधा एकच : आपल्याकडील वाड्यासारखा चौक व भोंवतीं भाडेकऱ्यांचीं बिऱ्हाडें. चावो अनाथ. चौकांतील पिंपांत तो दडून बसतो आणि मांस घातलेल्या पावाची स्वप्नें पाहतो. त्याचें खरें नांव कधींच कळत नाहीं. तो सांगूं लागला, कीं कोणीतरी मध्येंच बोलतें. विधुर डॉन रामोनकडे चौदा महिन्यांचें भाडें थकलेलें. घरमालक सेन्योर बार्रीगा वसुलीस येतो तों चावोचाच तडाखा खातो. पण भाडेकऱ्यास बाहेर काढण्याची वेळ आली, कीं त्याचें मन द्रवतें. शाळामास्तर हिराफालेस विधवा डोन्या फ्लोरिंदाकडे फुलें घेऊन येतात, कॉफी पितात. विवाह मात्र जमत नाहीं. आम्ही जन्मभर मास्तरकी केली असल्यामुळें त्यांच्या वर्गांतील गोंधळ पाहतांना आमचें हंसूं थोडें सावधच असतें!

येथें कोणी विचारील, उपाशी पोराला हंसणें हें सभ्यपणाचें आहे काय? शिवाय टपल्या आणि थपडा यांचा या खेळांत सुकाळ आहे. पालकांचा त्यावरील आक्षेप रास्तच होय. तथापि बारकाईनें पाहतां हंसूं येतें तें पोराच्या वेंधळेपणाचें व मोठ्यांच्या पोकळ ऐटीचें. भुकेची थट्टा नसते. एका प्रसंगीं शेजारी चावोवर चोरीचा आळ घेतात. तो गांठोडें बांधून निघून जातो. परतल्यावर कळतें, कीं चोर सांपडावा असें मागणें त्यानें देवाजवळ केलेंच नव्हतें. चोराला पश्चात्ताप होऊन तो चांगला व्हावा, एवढेंच मागितलें होतें. हा प्रसंग पाहतांना घरांतील लहानथोर एकदम गप्प होतात.

ब्राझिलांत ही मालिका १९८४ पासून पोर्तुगीज भाषेंत ‘शावेस’ या नांवानें दिसूं लागली आणि तेथील घरांतहि आपलीशी झाली. २०१४ मध्यें कर्ता निवर्तला, तेव्हां मेक्सिको नगरींतील आस्तेका क्रीडांगणावर हजारोंनीं त्यास निरोप दिला. त्यांत चावोसारखा वेष केलेलीं मुलें होतीं आणि त्याला पाहत लहानाचे मोठे झालेले त्यांचे आईबापहि होते.