दार कोण उघडतं?

निर्वासितांची, परमुलखात जाऊन राहिलेल्यांची पुस्तकं म्हटलं, की आमच्या वाचनालयातल्या निम्म्या मैत्रिणी हात आखडता घेतात. ‘दिवसभर घरात काय कमी कटकटी असतात, म्हणून रात्री आडवं पडल्यावर आणखी कुणाचं तरी उद्ध्वस्त झालेलं घर वाचायचं?’ असं त्यांचं म्हणणं. ते अगदीच खोटं आहे असं नाही. नुसती आगगाडी, छावणी आणि रक्तपात यांनी भरलेली चारशे पानं माझ्याच्यानंही वाचवत नाहीत.

पण या पुस्तकांत घर फार बारकाईनं येतं, आणि मी ती वाचते ती त्यासाठी. आपल्याला घर इतकं सवयीचं असतं, की ते दिसतच नाही. ज्यांचं गेलं त्यांना मात्र त्यातला चमचा न् चमचा आठवत असतो. शिवाय वाचता वाचता एक गोष्ट माझ्या लक्षात आली. घर सोडून आलेलं माणूस कुठल्या तरी गावात कुणाच्या तरी दाराशी उभं राहतं, आणि ते दार बहुतेक वेळा एखादी बाईच उघडते. किंवा उघडत नाही. परवाने, शिक्के, अर्ज हे सगळं सरकारं आणि पुरुषमंडळी बघतात. पण नव्यानं आलेल्या पोरीला फ्रॉक कोण शिवून देतं, ‘त्या मुलांशी खेळायचं नाही’ असं आपल्या मुलांना कोण बजावतं, परत आलेल्या सुनेला उंबऱ्याच्या आत कोण घेतं? हे ठरवणारी बाई तुमच्याआमच्यासारखीच संसारी असते. म्हणून आता असं पुस्तक हाती आलं, की मी आधी त्या बाईला शोधते.

सुरुवात मुलांच्या पुस्तकापासून करू या, कारण ते आईनं आणि मुलीनं मिळून वाचण्यासारखं आहे. जुडिथ कर या लेखिकेचं ‘व्हेन हिटलर स्टोल पिंक रॅबिट’ हे पुस्तक १९७१ साली आलं. जुडिथचा जन्म १९२३ चा, बर्लिनमधला. वडील आल्फ्रेड कर जर्मनीतले मोठे नाट्यसमीक्षक, घराणं ज्यू, आणि हिटलरविरुद्ध उघडपणे लिहिणारं. १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला आणि हे कुटुंब देश सोडून निघालं. पुढे लेखिका इंग्लंडमध्ये स्थायिक झाली, तिचा संसार झाला, मुलं झाली. मुलांनी एकदा ‘साउंड ऑफ म्युझिक’ हा सिनेमा पाहिला आणि मुलगा म्हणाला, आई लहान असताना कसं होतं ते आता आम्हाला कळलं! ते खरं कसं होतं हे सांगायला तिनं पुस्तक लिहायला घेतलं. मुलांचे गैरसमज दूर करण्याची ही रीत मला फार आवडली.

पुस्तकातल्या मुलीचं नाव ॲना, वय नऊ. बाबा तापानं अंथरुणाला खिळलेले असतात, पण धोक्याची सूचना येते आणि ते रातोरात निघून जातात. मागोमाग आई मुलांना घेऊन निघते. कुणाला संशय येऊ नये म्हणून सामान थोडकंच. ॲनाला एकच खेळणं घेता येणार असतं. जुना गुलाबी ससा की नुकताच मिळालेला लोकरीचा कुत्रा? ती नवा कुत्रा घेते. ससा मागं राहतो, पुढं घरातलं सगळंच जप्त होतं, आणि आपल्या सशाशी आता हिटलर खेळत असेल असं चित्र ती डोळ्यांपुढं आणते. मुलांच्या मनाचा इतका अचूक ठाव फार थोड्या पुस्तकांत सापडतो.

मला मात्र या पुस्तकातली आई जास्त भावली. बर्लिनच्या घरात सगळं बघायला हाइम्पी नावाची बाई होती. आईला पियानो उत्तम येतो, पण स्वयंपाक येत नाही, शिवण येत नाही. आणि पॅरिसला आल्यावर पियानो नाही, पैसा नाही, पुढ्यात फक्त चूल आणि फाटके कपडे! बाबांची लेखणी असते, पण जर्मन भाषेत लिहिणाऱ्याला फ्रान्समध्ये कितीसं काम मिळणार? नवरा मोठा विद्वान आणि घरात भाड्याची विवंचना, ही ओढाताण लेखिकेनं मुलीच्या नजरेतून दाखवली आहे. तक्रारीचा सूर कुठेच नाही.

आता दारं पाहा. आधी ही मंडळी स्वित्झर्लंडमधल्या एका खेड्यातल्या खाणावळवजा घरात उतरतात. तिथली माणसं चांगली आहेत. पण सुट्टीवर आलेल्या एका जर्मन कुटुंबातली आई आपल्या मुलांना या ज्यू मुलांबरोबर खेळायची बंदी करते. तिनं ना कुणाला मारलं, ना कुणाचं घर जाळलं. फक्त आपली मुलं बाजूला घेतली. पुढे पॅरिसमध्ये इमारतीची देखभाल करणारी बाई भाड्यावरून वाद घालते आणि तुमच्यासारख्यांना हिटलरनं हाकललं यात नवल काय, अशा अर्थाचं बोलते. आणि त्याच पॅरिसमध्ये मादाम फर्नांड भेटते. एका पत्रकाराची ही बायको. ॲनाच्या आईला शिवता येत नाही हे तिच्या चटकन ध्यानात येतं आणि कापड घेऊन ती स्वतःच पोरीचे कपडे बेतायला बसते. उपकाराची भाषा नाही की ‘बिचारे’ म्हणून चुकचुकणं नाही. हातात कात्री असलेली बाई काय करू शकते ते इथं दिसतं!

भाषेची गोष्टही शिकवणाऱ्या बाईनं मुद्दाम वाचावी अशी आहे. ॲना फ्रेंच शाळेत जाते, कित्येक महिने प्रत्येक वाक्य मनात जर्मनमधून फ्रेंचमध्ये आणते, थकून जाते. आणि एके दिवशी अचानक फ्रेंच तोंडातून आपोआप यायला लागतं. माझ्या वर्गात दरवर्षी बाहेरगावाहून आलेल्या कामगारांची दोन-तीन मुलं असतात. घरी भोजपुरी किंवा कन्नड, शाळेत मराठी. महिनोन्महिने ती तोंड उघडत नाहीत आणि सगळे म्हणतात, ‘मठ्ठ आहे हो.’ मठ्ठ नसतात, ती मनात भाषांतर करत असतात.

कुणी म्हणेल, यात नवं काय, प्रत्येक लेकीला घर सोडावंच लागतं. हे वाक्य मी कितीदा तरी ऐकलंय, छापलेलंही वाचलंय, आणि मला ते मुळीच पटत नाही. सासरी गेलेली लेक दिवाळीला, बाळंतपणाला माहेरी येते. तिचं माहेर नकाशात असतं. निर्वासिताचं गावच त्याला परकं झालेलं असतं. ही तुलना नुसती अलंकारापुरती ठीक!

मात्र आपल्या देशात अशी वेळ आली, की लेकीला माहेरचंच दार बंद झालं. १९४७ ची फाळणी. एक कोटीहून जास्त माणसं इकडून तिकडे झाली आणि हजारो बायका पळवल्या गेल्या. त्यावरची दोन पुस्तकं संसारी बाईनं वाचायलाच हवीत असं मला वाटतं.

पहिलं अमृता प्रीतम यांचं ‘पिंजर’. अमृताजी स्वतः १९४७ साली लाहोर सोडून आलेल्या, आणि ही पंजाबी कादंबरी १९५० ची. (२००३ मध्ये निघालेला सिनेमा पुष्कळजणींनी पाहिला असेल. पण पुस्तक छोटंसंच आहे, तेही वाचा.) पूरो या मुलीचं लग्न ठरलेलं असतं आणि जुन्या खानदानी वैरापायी रशीद तिला पळवून नेतो. हे फाळणीच्या बऱ्याच आधीचं. एका रात्री ती निसटते, धावत माहेरच्या दाराशी येते. आणि जन्मदाते आईबाप तिला परत पाठवतात! तुझ्याशी आता लग्न कोण करणार, शेख आम्हाला जिवंत ठेवणार नाहीत, असं त्यांचं म्हणणं. त्या आईचा मला संताप येतो आणि कीवही येते. तिला आणखी मुली आहेत, आणि तिचं घरात चालतंच कितीसं? लेखिकेनं तिला राक्षसीण केलेलं नाही, म्हणून तर तो प्रसंग जिव्हारी लागतो.

पुढं पूरोची हमीदा होते. १९४७ च्या दंगलीत तिच्या भावाची बायको, लाजो, पळवली जाते. आणि हीच पूरो कापडं विकायच्या निमित्तानं दारोदार हिंडून तिला हुडकून काढते, रशीदच्याच मदतीनं सोडवते, आणि सरहद्दीवर तिच्या माणसांच्या स्वाधीन करते. लाजोला घरचे घेतात. भाऊ पूरोलाही चल म्हणतो. जे दार एकेकाळी मिटलं ते आता सताड उघडं असतं. ती जात नाही. का जात नाही यावर आमच्या वाचनालयात एकदा तासभर वाद झाला होता! मला वाटतं, उशिरा उघडलेल्या दारातून आत जायचं की नाही, हे ठरवण्याचा हक्क तिनं त्या एका क्षणी वापरला.

प्रत्यक्षात हा हक्क बायकांना नव्हता. पळवलेल्या बायका शोधून परत आणण्यासाठी १९४९ मध्ये कायदा झाला, त्यात त्या बाईची स्वतःची इच्छा विचारात घेतलेली नव्हती. काही जणी तिथं आई झालेल्या, संसारात रुळलेल्या. त्यांना दुसऱ्यांदा उपटून आणलं. उर्वशी बुटालिया यांचं ‘दि अदर साइड ऑफ सायलेन्स’ आणि रितू मेनन-कमला भसीन यांचं ‘बॉर्डर्स अँड बाउंडरीज’ ही दोन्ही पुस्तकं १९९८ ची. त्यांत अशा बायकांच्या हकिकती त्यांना किंवा त्यांच्यात काम केलेल्या बायकांना विचारून नोंदवल्या आहेत. घटना घडून पन्नास वर्षं झाली, तेव्हा कुठं कुणी विचारलं!

दुसरी कादंबरी यशपाल यांची ‘झूठा सच’. हिंदीतले हे दोन जाडजूड खंड, पहिला १९५८ चा, दुसरा १९६० चा. लाहोरच्या एका गल्लीतली तारा सगळ्या विटंबनेतून जाऊन दिल्लीला येते, घरच्यांकडे न जाता एकटी उभी राहते आणि सरकारी अधिकारी होते. मधली राजकारणाची पानं मी थोडी भरभर उलटली. पण बंती नावाच्या बाईचा प्रसंग आहे, तो मात्र विसरता येत नाही. छावणीतून सुटलेली बंती वणवण करून आपलं कुटुंब शोधून काढते, दाराशी पोचते. नवरा आणि सासू तिला आत घेत नाहीत. आणि ती त्याच उंबऱ्यावर डोकं आपटून प्राण सोडते. पंजाबात नदीकाठी नाही, लुटारूंच्या हातूनही नाही. सुरक्षित जागी पोचल्यावर, आपल्या माणसांच्या दारात.

फाळणीची कहाणी आपल्याला वाटते तितकी लांबची नाही. मुंबईजवळ कल्याणला महायुद्धातल्या लष्करी बराकी रिकाम्या पडल्या होत्या. तिथं सिंधमधून आलेली कुटुंबं ठेवली, आणि १९४९ मध्ये त्या वस्तीला उल्हासनगर नाव मिळालं. ‘कॅम्प नंबर चार’, ‘कॅम्प नंबर पाच’ असे पत्ते आजही सांगतात. माझी आजी तेव्हा कल्याणात राहणारी लहान मुलगी. ती सांगायची, की एकेका बराकीत गोणपाटाचे पडदे लावून कितीतरी बिऱ्हाडं, आणि पुढं त्यातल्याच बायका पापड विकायला आळीत यायच्या. आळीतल्या काही बायका दारातूनच पैसे टाकायच्या, पाणी विचारायच्या नाहीत. आणि गंमत अशी, की सिंधी घरी पाहुणा गेला तर त्याच्यापुढं आधी पापड आणि पाणी येतं!

या बायकांनी स्वतः काय लिहिलं ते आपल्याकडं फारसं वाचलं जात नाही, याचं वाईट वाटतं. सिंधमधल्या हैदराबादला १९२४ साली जन्मलेल्या पोपटी हिरानंदाणी मुंबईत येऊन प्राध्यापिका झाल्या. त्यांच्या आत्मचरित्राला १९८२ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला, आणि त्याचं इंग्रजी भाषांतर ‘द पेजेस ऑफ माय लाइफ’ या नावानं निघालं आहे. पुण्याच्या साज अगरवाल यांनी आपल्या आईच्या आठवणींपासून सुरुवात करून २०१२ मध्ये ‘सिंध : स्टोरीज फ्रॉम अ व्हॅनिश्ड होमलँड’ हे पुस्तक केलं. आईनं आयुष्यभर न सांगितलेलं मुलीनं विचारून घ्यावं, हे मला फार मोलाचं वाटतं.

आता राहिले ते आपल्या खुशीनं परदेशी गेलेले. त्यांना निर्वासितांच्या पंक्तीला बसवू नये, हे माझं स्पष्ट मत. ते तिकीट काढून गेलेले असतात आणि परतीचं तिकीटही काढू शकतात. तरीही झुंपा लाहिरी यांची ‘द नेमसेक’ ही २००३ ची कादंबरी उघडली, की पहिल्याच पानावर एक गृहिणी भेटते. साल १९६८, अमेरिकेतलं केंब्रिज शहर. दिवस भरत आलेली आशिमा स्वयंपाकघरात उभी राहून डब्यातल्या राइस क्रिस्पीजमध्ये खारे दाणे, कांदा, लिंबू, हिरवी मिरची कालवते आहे. कलकत्त्याच्या रस्त्यावर मिळणाऱ्या भेळेसारख्या खाण्याची ही नक्कल. मोहरीचं तेल तेवढं नाही. अमेरिकेत जिची मुलगी किंवा भाची आहे, तिला या वाडग्याचा अर्थ वेगळा सांगायला नको.

आशिमाचा एकटेपणा सगळे समीक्षक सांगतात. मला पुढचा भाग जास्त आवडला. हळूहळू नव्यानं आलेली बंगाली कुटुंबं तिच्या ओळखीची होतात. भांबावलेल्या नव्या नवऱ्या तिला विचारतात, आणि ती सांगते, की आपल्यासारखा मासा चायनाटाउनमध्ये मिळतो, क्रीम ऑफ व्हीटचा शिरा होतो. जिला दार उघडणारं कुणी नव्हतं तिच्या घरी तीस-तीस माणसं जेवू लागतात. नवरा अचानक जातो, मुलं आपापल्या वाटेला लागतात, आणि शेवटी ती राहतं घर विकून सहा महिने इथं, सहा महिने तिथं असं राहायचं ठरवते. त्या घरातल्या शेवटच्या मेजवानीच्या दिवशी लेखिका आपल्याला पुन्हा स्वयंपाकघरातच नेते. आशिमा खिम्याचे कटलेट वळत बसलेली असते, आणि पाहुणे अजून यायचे असतात.