पदोन्नती उशिरा मिळाली, मग मधल्या वर्षांच्या पगाराचे काय?

बारामती आणि इंदापूर तालुक्यांत महसूल, पाटबंधारे, पंचायत समितीत नोकरी करणारे आपले समाजबांधव आम्हाला एकच प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात. पदोन्नती पाच-सहा वर्षे उशिरा मिळाली, तर मधल्या काळाचा फरक मिळतो का? उत्तर सरळ 'हो' किंवा 'नाही' असे नाही, पण ते प्रत्येक कर्मचाऱ्याला आणि त्याच्या घरातल्या शिकलेल्या मुलामुलींना माहीत असायला हवे.

कार्यालय आधी 'मानीव दिनांक' देते. म्हणजे पदोन्नती ज्या दिवशी मिळायला हवी होती, ती तारीख सेवापुस्तकात लागते. ज्येष्ठता त्या तारखेपासून धरतात, वेतननिश्चितीही त्या तारखेपासून करतात, पण फक्त कागदावर. प्रत्यक्ष पैसे नवीन पदाचा कार्यभार घेतल्याच्या दिवसापासून. यालाच काल्पनिक वेतननिश्चिती म्हणतात. त्यासाठी महाराष्ट्र नागरी सेवा (वेतन) नियम, 1981 मधील नियम 32 दाखवला जातो: जबाबदारी वाढणाऱ्या पदाचा पगार ते काम हाती घेतल्यापासूनच. साध्या भाषेत, काम नाही तर दाम नाही.

हे तत्त्व नेहमीच लागू होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 1991 मध्ये के. व्ही. जानकीरामन प्रकरणात सांगितले की, कर्मचारी काम करायला तयार होता आणि प्रशासनानेच त्याला दूर ठेवले, तर हे तत्त्व लावता येत नाही. ते प्रकरण विभागीय चौकशी आणि मोहोरबंद लिफाफ्याचे होते. 2015 च्या रमेश कुमार प्रकरणातही पदोन्नती चुकीने नाकारली गेली म्हणून फरक मिळाला. मात्र 2007 मध्ये भास्करन पिल्लै प्रकरणात याच न्यायालयाने म्हटले की सरसकट नियम नाही, प्रत्येक प्रकरणाची वस्तुस्थिती पाहावी लागते. म्हणून सगळा भर एकाच मुद्द्यावर येतो: उशीर कोणामुळे झाला? ज्येष्ठता यादीत नाव चुकीच्या जागी लागले, वरिष्ठाने गोपनीय अहवालच लिहिला नाही, तर दोष कार्यालयाचा. कनिष्ठ पुढे गेला आणि आपले नाव विनाकारण मागे राहिले असेल, तर दावा आणखी मजबूत.

आरक्षणाचा प्रश्न यापासून वेगळा ठेवावा लागेल. 25 मे 2004 च्या शासन निर्णयाने पदोन्नतीत 33 टक्के आरक्षण होते. मुंबई उच्च न्यायालयाने 4 ऑगस्ट 2017 रोजी तो रद्द केला, राज्य सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले. त्यानंतर 7 मे 2021 च्या शासन निर्णयाने पदोन्नतीची सर्व पदे सेवाज्येष्ठतेने भरायचे ठरले. आमच्या मते हा मोठा अन्याय आहे. तरीही बिंदूवरची पदोन्नती या वादात अडकली असेल, तर आज थकबाकीचा दावा कमकुवत आहे, हे कार्यकर्त्यांनी लोकांना स्पष्ट सांगावे. पण त्याच आरक्षित प्रवर्गातला कर्मचारी निव्वळ सेवाज्येष्ठतेने पात्र असूनही वगळला गेला असेल, तर 'प्रकरण न्यायप्रविष्ट आहे' हे उत्तर ऐकून गप्प बसू नये.

आता हिशेब बघा. महिन्याला फक्त 3,000 रुपयांचा फरक धरला तरी सहा वर्षांत 2,16,000 रुपये होतात, महागाई भत्ता वेगळाच. 2008 च्या तरसेम सिंग निकालानुसार उशिरा दाद मागणाऱ्याला साधारणपणे अर्ज दाखल करण्याआधीच्या तीन वर्षांचीच थकबाकी मिळते, म्हणजे 1,08,000. आणि इतरांच्या ज्येष्ठतेला धक्का बसणार असेल, तर पदोन्नतीचा दावा शिळा म्हणून मुळातच फेटाळला जाऊ शकतो. 1 नोव्हेंबर 2005 नंतर लागलेल्यांचे तर दुहेरी नुकसान: कागदावरच्या पगारातून राष्ट्रीय पेन्शन योजनेच्या खात्यात काहीच जमा होत नाही, ना आपला वाटा ना शासनाचा.

मुदतीबाबत बहुतेक जण फसतात. शासकीय कर्मचाऱ्याला महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात अंतिम आदेशापासून एक वर्षात जावे लागते. नियमाप्रमाणे केलेल्या अपिलावर किंवा निवेदनावर सहा महिने उत्तरच आले नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. दरवर्षी नवे निवेदन देत राहिल्याने ही मुदत वाढत नाही. 'साहेब बघतो म्हणालेत' याने तर अजिबात नाही. पुणे जिल्ह्याची प्रकरणे न्यायाधिकरणाच्या मुंबई पीठाकडे जातात. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांना मात्र न्यायाधिकरण लागू नाही. विभागात दाद मिळाली नाही, तर त्यांना उच्च न्यायालयातच जावे लागते. कोल्हापूरला 2025 मध्ये सुरू झालेल्या सर्किट बेंचमध्ये पुणे जिल्हा नाही, त्यामुळे शेजारच्या सोलापूरकरांना जवळ पडते ते इंदापूरकरांना नाही.

तरुणांनी घरात करण्यासारखे एक काम आहे. माहिती अधिकारात, 10 रुपये शुल्क भरून, तीन कागद मागवा: त्या वर्षांच्या अंतिम ज्येष्ठता याद्या, पदोन्नती समितीच्या बैठकांचे इतिवृत्त आणि बिंदुनामावली. तालुक्याच्या कार्यालयात ते बहुधा मिळणार नाहीत. ज्या कार्यालयाने पदोन्नतीचा आदेश काढला, त्याच्याकडेच अर्ज करा. महसूलच्या बऱ्याच पदांसाठी ते पुण्याचे जिल्हाधिकारी कार्यालय असते. निवेदनात 'न्याय मिळावा' एवढेच लिहू नका. मानीव दिनांक आणि त्या तारखेपासूनची प्रत्यक्ष थकबाकी, अशा दोन्ही मागण्या वेगवेगळ्या लिहा, पुढे गेलेल्या कनिष्ठाचा ज्येष्ठता क्रमांक द्या आणि आवक क्रमांकाचा शिक्का मारलेली प्रत जपून ठेवा.