मासा आजारी दिसला? आधी पाणी बघा

मैत्रिणींनो, शोभेच्या माशांच्या धंद्यात एका टाकीतला रोग बघता बघता सगळ्या टाक्यांत पसरतो. विकायचा माल गेला तरी कर्जाचा हप्ता काही थांबत नाही. म्हणून रोज सकाळी खाद्य टाकताना पाच मिनिटं टाकीसमोर उभ्या राहा. निरोगी मासा खाद्याकडे धावतो. जो कोपऱ्यात पडून राहतो, पर मिटून घेतो, त्याच्याकडे नीट बघा.

काय दिसतं, काय समजायचं?

• सगळेच मासे वर येऊन तोंड उघडझाप करतात : पाणी बिघडलंय. प्राणवायू कमी पडतोय किंवा तळाशी घाण साचलीय. लगेच पाणी बदला, हवेचा पंप चालू ठेवा.
• अंगावर मिठाच्या कणांसारखे पांढरे ठिपके, मासा दगडाला अंग घासतो : हा पांढऱ्या ठिपक्यांचा रोग. पाणी एकदम गार झालं की हा बळावतो.
• परांच्या कडा पांढुरक्या, झिजलेल्या, फाटलेल्या : पर कुजण्याचा रोग.
• जखमेवर कापसासारखा पुंजका : बुरशी.

उपाय काय?

आजारी मासा वेगळ्या टाकीत काढा. खाद्य कमी करा. तळाची घाण नळीने ओढून रोज पाव हिस्सा पाणी बदला. नळाचं पाणी एक दिवस उघडं ठेवूनच वापरा, त्यातलं क्लोरीन माशांना मारतं.

मग खडे मीठ, आयोडीन नसलेलं. १०० लिटर पाण्याला २०० ग्रॅम. पाण्यात विरघळवून अर्धं सकाळी, अर्धं संध्याकाळी घाला. पाणी बदललं की फक्त नव्या पाण्यापुरतंच मीठ घाला. २५ लिटर बदललं तर ५० ग्रॅम. दरवेळी पूर्ण माप घातलं तर मीठच माशांना मारेल. मिशीवाल्या माशांना आणि पाणवनस्पतींना मीठ सोसत नाही, तिथे घालू नका.

ठिपके गेले म्हणून उपचार थांबवू नका. ठिपका गळून तळाशी पडतो, त्यातून शेकडो पिल्लं निघतात आणि पुन्हा मासा शोधतात. मिठाचा मारा या पोहणाऱ्या पिल्लांवरच होतो. म्हणून ठिपके गेल्यावरही आठवडाभर मीठ चालू ठेवा.

तीन-चार दिवसांत फरक पडला नाही तर जिल्ह्याच्या मत्स्यव्यवसाय कार्यालयात विचारा. दुकानदाराने दिली म्हणून माणसाची अँटिबायोटिक गोळी टाकीत टाकू नका.

रोग येऊच नये म्हणून

नवे मासे दोन-तीन आठवडे वेगळे ठेवा. प्रत्येक टाकीची जाळी वेगळी ठेवा, वापरून झाली की उन्हात वाळवा. मेलेला मासा लगेच काढून पुरा, ओढ्यात फेकू नका.

गटाच्या पुढच्या बैठकीत एक वही करा. कुठल्या टाकीचं पाणी कधी बदललं, किती मासे मेले, रोज लिहा. रोग कुठून आला ते त्या वहीतच सापडेल.